टीव्हीवरचे देव-संत आणि ठाण्यातली रिपोर्ट : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पश्चिम विदर्भातल्या एका तालुक्याच्या कोर्टात मी फौजदारी कामं पाहतो. आमच्याकडे ‘तक्रार’ फारसं कुणी म्हणत नाही, ‘रिपोर्ट’ म्हणतात. टीव्हीवर कुण्या संताबद्दल, देवाबद्दल काही वावगं दाखवलं अशी चर्चा पानठेल्यावर सुरू झाली की दुसऱ्या दिवशी सकाळी माझ्या टेबलासमोर पाच-सहा जण उभे राहतात. खांद्यावर दुपट्टा, हातात मोबाइल. “वकीलसाहेब, आमच्या महाराजायची बदनामी केली. रिपोर्ट द्याची आहे.”

त्यांचा राग खरा असतो. ज्याच्या नावानं दरवर्षी पायी शेगावला जायचं, त्याच्याबद्दल वेडंवाकडं ऐकलं की माणूस पेटणारच. पण त्या रागाचं पुढे काय होतं हेही मी पाहिलं आहे. मुंबईचा निर्माता एकाही तारखेला आला नाही आणि गावातलं पोरगं मात्र तीन वर्षं एसटीनं तारखा करत राहिलं. म्हणून लोक जे जे विचारतात, ते इथे सविस्तर लिहितो.

टीव्हीवरच्या कार्यक्रमाबद्दल आपल्या गावच्या ठाण्यात रिपोर्ट देता येते का?

येते. कार्यक्रम मुंबईत बनला, चॅनेलचं ऑफिस नोएडात असलं, तरी तो तुमच्या घरात दिसला. गुन्हा दखलपात्र, म्हणजे कोर्टाच्या आदेशाची वाट न पाहता पोलीस तपास करू शकतात असा असेल, तर ‘आमची हद्द नाही’ एवढ्या कारणावरून ठाणेदाराला हात झटकता येत नाहीत. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ प्रमाणे रिपोर्ट शून्य क्रमांकानं घेऊन योग्य ठाण्याकडे पाठवावी लागते. रिपोर्ट देणारा संस्थानचा विश्वस्त किंवा भजनी मंडळाचा अध्यक्ष असण्याची गरज नाही. कोणीही देऊ शकतो. त्याला पैसे पडत नाहीत आणि गुन्हा नोंदला की प्रत फुकट मिळते.

कोणतं कलम लागतं?

१ जुलै २०२४ नंतरच्या प्रसारणाला भारतीय न्याय संहिता लागू होते. तिचं कलम २९९ हे या विषयातलं मुख्य कलम. जुन्या लोकांच्या तोंडी अजून ‘दोनशे पंच्याण्णव-अ’ असतं, तेच हे. त्याआधीच्या प्रसारणाला जुनी दंड संहिताच लागते.

हे कलम १९२७ साली आलं. प्रेषित मुहम्मदांच्या खासगी आयुष्यावरच्या एका पत्रकावरून लाहोरला खटला झाला. हायकोर्टानं प्रकाशकाला सोडलं, कारण तेव्हाच्या कायद्यात अशा लिखाणाला नेमकं बसेल असं कलमच नव्हतं. त्यावरून देश ढवळून निघाला आणि सरकारनं २९५-अ घातलं. शिक्षा आज तीन वर्षांपर्यंत कैद, किंवा दंड, किंवा दोन्ही. गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र.

दोन समाजांत वैर पेटवलं असा आरोप असेल तर कलम १९६ लावतात, अफवा पसरवून द्वेष वाढवला तर ३५३. आणि ३०२ हे आहे समोरच्या माणसाला ऐकू जाईल, दिसेल अशा रीतीनं मुद्दाम त्याची धार्मिक भावना दुखावण्याचं. ते अदखलपात्र आहे, शिक्षा एक वर्षापर्यंत. जुन्या कायद्यात ३०२ म्हणजे खून होता, त्यामुळे नोटिशीवर हा आकडा वाचून एका म्हाताऱ्या काकाजींना घाम फुटला होता. घाबरू नका, आकडे बदलले आहेत.

आमच्या भावना दुखावल्या, एवढं पुरेसं नाही का?

नाही. सगळ्यात जास्त गैरसमज इथेच आहे, म्हणून थोडं थांबून सांगतो.

कलम २९९ मध्ये दोन शब्द एकत्र आहेत : ‘जाणूनबुजून’ आणि ‘दुष्ट हेतूनं’. दोन्ही सिद्ध व्हावे लागतात. १९५७ मध्ये रामजीलाल मोदी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी हे कलम घटनेला धरून आहे असं ठरवलं, पण त्याच वेळी त्याची हद्दही आखून दिली. नकळत, निष्काळजीपणे किंवा तसा हेतू नसताना झालेला अपमान या कलमात येत नाही. तुमच्या काळजाला किती लागलं, यापेक्षा दाखवणाऱ्याच्या मनात काय होतं हे कोर्ट बघतं.

महेंद्रसिंग धोनीचं प्रकरण बऱ्याच जणांना आठवत असेल. २०१३ मध्ये एका नियतकालिकानं मुखपृष्ठावर त्याला विष्णूच्या रूपात, हातात निरनिराळ्या कंपन्यांच्या वस्तू देऊन दाखवलं. आंध्रात अनंतपूरला फिर्याद झाली. २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ती रद्द केली. चित्र आवडण्या-न आवडण्याचा प्रश्न कोर्टानं घेतलाच नाही. दुष्ट हेतू दिसत नाही, एवढ्यावर फिर्याद संपली.

आता आपल्या घरचं उदाहरण घ्या. दासगणूंच्या पोथीतली जानकीराम सोनाराची गोष्ट विदर्भात पोराटोरांना पाठ आहे. अक्षय्य तृतीयेचा दिवस, गजानन महाराजांच्या चिलमीसाठी पोरं विस्तव मागायला सोनाराकडे गेली. सणाच्या दिवशी विस्तव देत नाही म्हणून त्यानं हाकललं आणि महाराजांबद्दल नाही नाही ते बोलला. पुढे चिलीम विस्तवावाचून पेटली, सोनाराच्या घरचं चिंचवणं नासलं आणि तो येऊन पायांवर पडला. मालिकावाल्यानं हा प्रसंग दाखवायचा तर सोनाराच्या तोंडी ते कडू शब्द घालावेच लागतील. उद्या कुणी फक्त तेवढे तीस सेकंद कापून मोबाइलवर फिरवले तर काय दिसेल? महाराजांना चिलीमवाला, नागवा म्हणणारा माणूस. ज्यानं तीस सेकंद पाहिले त्याचं रक्त उसळणार, आणि ज्यानं पूर्ण भाग पाहिला तो हात जोडणार. माझ्याकडे जे मोबाइल येतात त्यांतल्या बहुतेकांत असा कापलेला तुकडाच असतो.

अपमान झाला की नाही, हे कुणाच्या नजरेनं ठरतं?

याचं उत्तर आपल्याच नागपुरातून आलेलं आहे, आणि मला त्याचा अभिमान वाटतो. सी. पी. अँड बेरारच्या, म्हणजे जुन्या मध्य प्रांत-वऱ्हाडाच्या काळात नागपूर हायकोर्टात न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस होते. भगवतीचरण शुक्ल यांच्या खटल्यात त्यांनी कसोटी घालून दिली, ती अशी : शब्दांचा परिणाम तोलायचा तो समंजस, खंबीर, धीट माणसाच्या मापानं. कमकुवत, डळमळीत मनाच्या किंवा प्रत्येक विरोधी मतात धोका हुंगणाऱ्याच्या मापानं नव्हे.

हीच कसोटी पुढे टीव्हीला लागली. १९८८ मध्ये दूरदर्शनवर ‘तमस’ ही फाळणीवरची मालिका सुरू होती. तिनं धार्मिक तेढ वाढेल म्हणून ती थांबवा, अशी मागणी कोर्टात गेली. मुंबई हायकोर्टाच्या न्यायमूर्तींनी मालिका स्वतः पाहिली. सर्वोच्च न्यायालयानं बोस यांचे शब्द उद्धृत करून प्रसारण थांबवायला नकार दिला. मार्च २०२५ मध्ये इम्रान प्रतापगढी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं एका कवितेवरचा गुन्हा रद्द करताना हीच कसोटी पुन्हा सांगितली. वऱ्हाडातल्या कास्तकारानं रिपोर्ट लिहिताना स्वतःला हा प्रश्न विचारावा : मी शांत डोक्यानं, घरच्या म्हाताऱ्यांना शेजारी बसवून पूर्ण भाग पाहिला, तरी मला हेच वाटेल का?

मग टीव्हीवाल्यांना काहीही बोलता येतं का?

मुळीच नाही. जून २०२० मध्ये एका हिंदी वृत्तवाहिनीच्या चर्चेत निवेदक अमिश देवगण यांनी अजमेरच्या ख्वाजा मोइनुद्दीन चिश्तींबद्दल अपशब्द वापरला. नंतर ‘जीभ घसरली’ म्हणून माफीही मागितली. राजस्थान, महाराष्ट्र, तेलंगणासह अनेक ठिकाणी गुन्हे नोंदले गेले. डिसेंबर २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ते रद्द करायला नकार दिला. बोलणारा कोण, त्याचा पल्ला किती, कोणत्या प्रसंगी बोलला, हे तपासात पाहिलंच पाहिजे, असं कोर्टाचं म्हणणं. लाखो लोक ज्याचं ऐकतात त्याची जबाबदारी पानठेल्यावरच्या माणसापेक्षा मोठी, हे मलाही पटतं.

त्या प्रकरणात इतक्या गावचे गुन्हे होते. आम्हीही आमचा एक टाकला तर?

देवगण प्रकरणातले सगळे गुन्हे शेवटी अजमेरला एकत्र पाठवले गेले. एकाच घटनेवर एकामागून एक गुन्हे नोंदवू नयेत हे सर्वोच्च न्यायालयानं २००१ च्या टी. टी. अँटनी खटल्यात सांगितलं आहे, आणि २०२० मध्ये एका पत्रकाराच्या प्रकरणात एक सोडून बाकीचे गुन्हे रद्दही केले. तेव्हा इतरत्र गुन्हा आधीच नोंदला असेल तर आपल्या तालुक्याचा अकरावा गुन्हा त्याच ढिगात जाणार. त्यापेक्षा जिथे तपास चालू आहे तिथल्या अधिकाऱ्याला तुमचं म्हणणं आणि पुरावा पोस्टानं पाठवा. दहा जणांच्या गाडीभाड्यात स्पीड पोस्टाची दहा पाकिटं होतात.

रिपोर्ट देण्याआधी काय काय जमवू?

माणसं जमवण्याआधी कागद जमवा. एकदा टाटा एसमधून चाळीस जण ठाण्यात आले होते, घोषणा देत. ठाणेदारानं शांतपणे विचारलं, “कोणतं चॅनेल? कोणत्या तारखेला? किती वाजता?” चाळिसांपैकी एकालाही सांगता आलं नाही. एक म्हणे साळ्यानं पाठवलं, दुसरा म्हणे ग्रुपवर आलं. शोध घेतला तेव्हा तो तुकडा कोणत्याच चॅनेलचा निघाला नाही. कुणीतरी दोन वेगळ्या मालिकांची दृश्यं जोडून वर दुसराच आवाज टाकला होता.

म्हणून आधी पूर्ण भाग मिळवा. चॅनेलच्या ॲपवर किंवा त्यांच्या अधिकृत यूट्यूब पानावर तो बहुधा असतोच. चॅनेलचं नाव, कार्यक्रमाचं नाव, तारीख, वेळ, आक्षेपाचं वाक्य कितव्या मिनिटाला आहे, हे वहीत लिहा. वाक्य जसंच्या तसं उतरवा, ‘अत्यंत घाणेरडे बोलले’ असं लिहू नका. पेनड्राइव्हवर प्रत द्यायची तर भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र सोबत लागतं : ही प्रत मी कोणत्या मोबाइलवरून किंवा कॉम्प्युटरवरून काढली वगैरे. तालुक्याला कोणताही वकील त्याचा मसुदा करून देतो. आणि कुणी कुणी पाहिलं, त्यांची नावं. स्वतः पाहिलेल्यांचीच, ऐकीव नको.

ठाणेदार रिपोर्ट घेतच नाही.

आधी समजून घ्या, तो थांबला म्हणजे नेहमी टाळतोच असं नाही. तीन ते सात वर्षांच्या आतल्या शिक्षेच्या गुन्ह्यांत एसडीपीओची, म्हणजे उपविभागीय पोलीस अधिकाऱ्याची परवानगी घेऊन चौदा दिवसांत प्राथमिक चौकशी करता येते, असं कलम १७३(३) सांगतं. बोलण्या-लिहिण्याच्या गुन्ह्यांत आधी अशी चौकशी करणंच योग्य, हे प्रतापगढी निकालातही आलं आहे. तेव्हा अर्ज द्या, पोच घ्या, चौदा दिवस थांबा.

तरी काही झालं नाही तर अर्ज पोलीस अधीक्षकांना पोस्टानं पाठवा. तिथेही काही हाललं नाही तर शपथपत्र लावून प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांकडे कलम १७५(३) खाली तपासाचा आदेश मागता येतो. थेट खासगी फिर्यादही करता येते, पण नव्या कायद्यात दखल घेण्यापूर्वी समोरच्याचं म्हणणं ऐकावं लागतं. पोलिसांनी प्रकरण अदखलपात्र ठरवलं तर एनसीची नोंद करून कोर्टाकडे जायला सांगतील.

गुन्हा नोंदला की लगेच अटक होते ना?

सहसा नाही. सात वर्षांपर्यंतच्या शिक्षेच्या गुन्ह्यात पोलिसांनी आधी हजर राहण्याची नोटीस द्यायची, अटक करायची तर कारण लेखी नोंदवायचं, हे २०१४ च्या अर्नेश कुमार निकालापासून पक्कं आहे. अजामीनपात्र म्हणजे जामीन मिळतच नाही असं नव्हे. तो देणं न देणं कोर्टाच्या हाती असतं, एवढाच त्याचा अर्थ.

उलटंही घडलं आहे. जानेवारी २०१६ मध्ये विनोदी अभिनेता किकू शारदा याला हरियाणाच्या पोलिसांनी मुंबईतून नेलं. गुन्हा काय, तर टीव्हीवरच्या एका कार्यक्रमात डेरा सच्चा सौदाच्या गुरमीत राम रहीमची नक्कल. त्याच दिवशी जामीन झाला, पण नक्कल केल्याबद्दल माणसाला परराज्यात नेलं गेलं. पुढच्याच वर्षी, ऑगस्ट २०१७ मध्ये, त्याच राम रहीमला बलात्काराच्या खटल्यात दोषी ठरवलं गेलं. भाविकांना मी हे मुद्दाम सांगतो. समाधी घेतलेल्या संताची आणि हयात बाबाची गोष्ट एक नाही. जिवंत माणसाच्या वागण्यावर बोट ठेवणं, त्याच्या पैशांचा हिशेब विचारणं, त्याच्या ढोंगाची टीव्हीवर थट्टा करणं याला धर्माचा अपमान म्हणता येत नाही. ज्या भूमीत गाडगेबाबांनी हातात खराटा घेऊन देवाच्या नावानं चालणारी लूट उघडी पाडली, तिथे तरी हे वेगळं सांगावं लागू नये.

देवाच्या नावानं टीव्हीवर जाहिराती चालतात, त्याची रिपोर्ट होते का?

होते, आणि ती कुणी देत नाही याचं मला वाईट वाटतं. ‘यंत्र घ्या, कर्ज फिटेल, मूल होईल’ अशा जाहिराती रात्री तास-तास चालतात. जानेवारी २०२१ मध्ये मुंबई हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठानं हनुमान चालिसा यंत्रासारख्या वस्तूंना दैवी शक्ती आहे सांगून टीव्हीवर विकणं बेकायदेशीर ठरवलं. आधार होता महाराष्ट्राचा २०१३ चा जादूटोणाविरोधी कायदा. कापसाचे पैसे हातात आले की त्यातले काही हजार अशा पितळी पत्र्यावर घालवलेली घरं माझ्या ओळखीची आहेत.

आक्षेप बाबासाहेबांबद्दल किंवा बिरसा मुंडांबद्दल असेल तर?

मग आणखी एक कायदा आहे आणि तो जास्त कडक आहे. अनुसूचित जाती-जमातींना ज्यांच्याबद्दल मोठा आदर आहे अशा दिवंगत व्यक्तीचा शब्दांनी किंवा इतर कोणत्याही मार्गानं अनादर करणं, हा अत्याचार प्रतिबंधक कायद्याच्या कलम ३(१)(व्ही) खाली गुन्हा आहे, २०१६ पासून. करणारा अनुसूचित जाती-जमातीचा नसला पाहिजे. शिक्षा सहा महिने ते पाच वर्षं. इथे प्राथमिक चौकशीची अट नाही आणि तपास डीवायएसपी दर्जाच्या अधिकाऱ्याकडे जातो. ठाण्यात नुसतं ‘भावना दुखावल्या’ म्हणून अर्ज देतात आणि हे कलम सुटून जातं, असं मी पाहिलं आहे.

खरा इतिहास दाखवला तरी रिपोर्ट होऊ शकते का?

कुणीही देऊ शकतो, टिकणं वेगळं. २०२० मध्ये ‘कौन बनेगा करोडपती’त प्रश्न आला की २५ डिसेंबर १९२७ ला डॉ. आंबेडकरांनी अनुयायांसह कोणत्या ग्रंथाच्या प्रती जाळल्या. उत्तर मनुस्मृती. त्यावरून लातूरला पोलिसांकडे तक्रार गेली. जे महाडला घडलं ते घडलं. दीक्षाभूमीवर दरवर्षी येणाऱ्या लाखो लोकांच्या दृष्टीनं तो अभिमानाचा दिवस आहे. घडलेली गोष्ट जशी घडली तशी विचारण्यात दुष्ट हेतू मला तरी दिसत नाही.

याच ओघात रावणाचंही सांगतो. मालिकेत तो राक्षस असतो. पण गडचिरोलीच्या कितीतरी गोंड गावांत त्याला पूर्वज मानून पूजतात, आणि अकोला जिल्ह्यातल्या सांगोळ्यात त्याची जुनी दगडी मूर्ती आहे, गाव तिच्यापुढे नारळ फोडतं. एकाचा खलनायक दुसऱ्याचा देव असतो. कलम २९९ ‘कोणत्याही वर्गाच्या’ श्रद्धेचं आहे, मोठ्या वर्गाच्याच नाही. ज्या मापानं आपण न्याय मागतो तेच माप त्यांच्याही हाती आहे, हे रिपोर्ट लिहिताना मनात असू द्यावं.

गुन्हा नोंदला, तपास झाला. मग खटला कधी?

कलम २९९ आणि १९६ च्या खटल्याची दखल कोर्टाला राज्य किंवा केंद्र सरकारच्या पूर्वपरवानगीशिवाय घेता येत नाही. सुरक्षा संहितेचं कलम २१७. फाइल मंत्रालयात जाते आणि तिथे पडून राहते. आमच्या ओळखीत एका फाइलला किती पावसाळे गेले ते फिर्यादीलाही आठवत नाही. ज्यांना वाटतं आठ दिवसांत निकाल लागेल, त्यांनी ही पायरी आधीच समजून घ्यावी.

पोलिसांशिवाय दुसरा मार्ग आहे का?

आहे, आणि बहुतेक वेळा तोच लवकर फळ देतो. केबल टीव्ही कायदा १९९५ चा, त्याच्या नियमांत कार्यक्रम संहिता आहे. धर्मावर किंवा समाजावर हल्ला, धार्मिक समूहांची हेटाळणी करणारी दृश्यं किंवा शब्द तिला चालत नाहीत. इथे दुष्ट हेतू सिद्ध करायची गरज नाही, संहिता मोडली एवढं दाखवलं की झालं. २०२१ च्या नियमांप्रमाणे चॅनेलकडे लेखी तक्रार केली की चोवीस तासांत पोच आणि पंधरा दिवसांत निर्णय द्यावा लागतो. समाधान झालं नाही तर पुढच्या पंधरा दिवसांत चॅनेल ज्या स्वयंनियमन संस्थेचं सभासद आहे तिच्याकडे जायचं, तिला साठ दिवस. त्यानंतर केंद्र सरकार. मालिकांसाठी बीसीसीसी आणि बातम्यांसाठी एनबीडीएसए ही ठाऊक असलेली नावं. जिल्ह्याला जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखाली संनियंत्रण समितीही असते, तिथे अर्ज देता येतो.

मोबाइलवरच्या वेब मालिकांना हे नियम नाहीत, त्यांना २०२१ चे आयटी नियम आहेत. तिथेही पंधरा दिवसांचीच पायरी. ‘तांडव’वर जानेवारी २०२१ मध्ये ठिकठिकाणी गुन्हे झाले. सर्वोच्च न्यायालयानं तेव्हा अटकेपासून संरक्षण द्यायला नकार दिला होता. पण आक्षेपाची दृश्यं निघाली ती निर्मात्यांनी माफी मागून स्वतः काढली म्हणून.

गावच्या केबलवाल्याला जाब विचारायचा का?

नाही हो. तो पोरगा चॅनेलनं पाठवलेलं पुढे सोडतो, त्यात काय येणार हे त्याला आधी ठाऊक नसतं. त्याची वायर तोडली, डबा फोडला तर गुन्हा तुमच्यावर. त्यानं स्वतःच्या स्थानिक चॅनेलवर स्वतः काही तयार करून दाखवलं असेल, तर गोष्ट वेगळी.

क्लिप गावच्या ग्रुपवर टाकली तर चालेल ना? लोकांना कळायला नको?

हा प्रश्न मी शेवटाकडे ठेवला, कारण गावातली माणसं बुडतात ती इथे.

पोळ्याच्या आधीचे दिवस. बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाचा पोरगा, रोज पहाटे पाचला डांबरी रस्त्यावर धावायचा, पोलीस भरतीसाठी. त्याला एक क्लिप आली, मालिकेतला एक नट संतांबद्दल काही बोलतो आहे. नट दुसऱ्या धर्माचा. पोरानं खाली ओळ जोडली, ‘आता गप्प बसायचं नाही, यांच्या मोहल्ल्यात जाऊन विचारू’, आणि तीन ग्रुपवर टाकली. त्या रात्री सायकल दुरुस्तीच्या दुकानावर दगड पडले. दुकानदाराचा नटाशी संबंध एवढाच की धर्म एक. त्याच्या घरी टीव्हीसुद्धा नव्हता. सकाळी मी गेलो तेव्हा तो फुटलेल्या काचेतून एक एक छर्रा वेचून डबीत ठेवत होता. बेअरिंगचे छर्रे, पुन्हा कामी येतात म्हणून. काही बोलला नाही.

दगड पोरानं मारले नव्हते. पण ती ओळ त्याच्या नंबरावरून गेली होती. चॅनेलवर गुन्हा नाही, नटावर नाही, पोरावर झाला. शारीरिक चाचणीत पास झाला आणि चारित्र्य पडताळणीत अडकला. त्याची आई अजून भेटते तेव्हा विचारते, “साहेब, फाइल हालली का?”

क्लिप पुढे पाठवणं हाच प्रसार आहे, आणि वर चिथावणीची ओळ असेल तर १९६ आणि ३५३ तुम्हालाच लागतात. ग्रुपच्या ॲडमिनबद्दल मात्र थोडा दिलासा आहे. गोंदिया जिल्ह्यातल्या अर्जुनी मोरगावच्या एका प्रकरणात २०२१ मध्ये नागपूर खंडपीठानं सांगितलं की दुसऱ्या सदस्याच्या मजकुरासाठी ॲडमिन आपोआप गुन्हेगार ठरत नाही, समान हेतू दिसला पाहिजे. तरी ॲडमिन असाल तर तो मजकूर काढा आणि सेटिंग ‘फक्त ॲडमिन’ करून ठेवा. दगड पडायची भीती वाटली तर पोलीस पाटलांना उठवा आणि ११२ ला फोन करा, रात्रीचे दोन वाजले असले तरी.

तंटामुक्ती समितीत मिटवता येईल का?

कलम ३०२ चं प्रकरण ज्याची भावना दुखावली तो कोर्टात तडजोडीनं मिटवू शकतो. २९९ आणि १९६ गावात मिटत नाहीत. दोघं एकत्र येऊन नागपूर खंडपीठात सुरक्षा संहितेच्या कलम ५२८ खाली गुन्हा रद्द करण्याची विनंती करू शकतात, मंजूर करणं कोर्टाच्या हाती. पण गुन्हा नोंदण्याआधी समिती खूप काही करू शकते. दोन्ही बाजूंच्या चार वडीलधाऱ्यांना मंदिराच्या ओट्यावर बसवून तो पूर्ण भाग मोठ्या आवाजात लावला आणि पाऊण तासात लोक चहा पिऊन घरी गेले, असं मी डोळ्यांनी पाहिलं आहे.

वकिलाचे पैसे नाहीत. काय करू?

रिपोर्ट द्यायला वकील लागत नाही. पुढे कोर्टात गरज पडली तर तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करा, ती कोर्टाच्या आवारातच असते. महिला, अनुसूचित जाती-जमातीचे लोक आणि कोठडीत असलेले, यांना उत्पन्न कितीही असलं तरी फुकट वकील मिळतो. आरोपीलाही मिळतो.

अर्ज कसा लिहू, एकदा सांगून टाका.

साध्या कागदावर. वर ‘प्रति, मा. ठाणेदार’, ठाण्याचं नाव. मग तुमचं नाव, वय, धंदा, गाव. नंतर एवढंच : अमुक तारखेला, अमुक वाजता, अमुक चॅनेलवर, अमुक कार्यक्रमात, अमुक मिनिटाला हे वाक्य बोललं गेलं किंवा हे दृश्य दाखवलं. वाक्य अवतरणात. मी स्वतः, घरी, अमुक-अमुक यांच्यासोबत पाहिलं. पूर्ण भागही पाहिला. हे जाणूनबुजून केलं असं मला का वाटतं, ते दोन-तीन ओळींत. सोबत पेनड्राइव्ह आणि प्रमाणपत्र. कलमं लिहिली नाहीत तरी चालतं, ते त्यांचं काम. कोणत्याही समाजाबद्दल एक शब्द लिहू नका. शेवटी सही, तारीख. दोन प्रती न्या, दुसरीवर शिक्का आणि आवक क्रमांक घेतल्याशिवाय ठाण्याबाहेर पडू नका.